थेच पोरगी

कारंज्यात आमच्या लहानपणी सिनेमा रस्त्यावर यायचा. शारदा उत्सवात मंडळवाले भाड्यानं व्हीसीआर आणायचे, टेबलावर टीव्ही मांडायचे. शेजारच्या हायवेवरून ट्रक गेला की संवाद बुडायचा, मग मागचे पुढच्यांना विचारायचे. माझी मोठी आई सगळ्यांत पुढे, तरटावर. आता ती नाही. पण अभिनेत्री रंजना देशमुखचा विषय निघाला की मला आधी तीच आठवते.

'चानी' पाहून ती घळाघळा रडली होती. खानोलकरांच्या कादंबरीवरचा व्ही. शांतारामांचा १९७७ चा सिनेमा. त्यात रंजना म्हणजे गोऱ्या माणसापासून झालेली, गावानं जवळ न केलेली कोकणातली पोर. पुढे कधीतरी त्याच टीव्हीवर 'गोंधळात गोंधळ' लागला. अशोक सराफला पुरून उरणारी नायिका बघून मोठ्या आईनं मला ढोसलं, "थेच पोरगी होय का वं हे?"

एखाद्या नटीला याहून मोठी दाद काय मिळणार!

रंजना अभिनेत्री वत्सला देशमुखांची मुलगी, अभिनेत्री संध्याबाईंची भाची. घरातूनच मिळालं म्हणून मोकळं होता येतं, पण संध्याबाई नृत्याच्या अंगानं उभ्या राहत. ही बोलण्याच्या ठसक्यावर उभी राही. आणि विनोदात तर ती ऐकायची फार छान. समोरच्याचं वाक्य पुरं व्हायच्या आत तिचा चेहरा उत्तर देऊन मोकळा. आपल्या विनोदी सिनेमांत नायिकेच्या वाट्याला बहुतेकदा लाजणं नि रुसणं येई. ही तेवढ्यावर थांबली नाही. 'बिनकामाचा नवरा' आजही बघवतो, तो माझ्या मते निम्मा तिच्यामुळे.

'अरे संसार संसार'मध्ये ती शेतकऱ्याची बायको. सगळ्या बाया डोळे पुसत होत्या. संत्र्याच्या बागेत जन्म काढलेली मोठी आई मात्र पडद्यावरचे हात निरखत बसली. म्हणाली, "इनं निंदन केलं असन कधी." केलं नसेल, पण मी काही बोलले नाही.

१९८७ साली 'झंझार'च्या चित्रीकरणासाठी बंगळूरला जाताना अपघात झाला नि रंजनाचे पाय गेले. वय अवघं बत्तिशीच्या आसपास. खरं दुःख मला पुढच्या तेरा वर्षांचं वाटतं. सिनेमे दाखवले जात होते, आम्ही हसत होतो, आणि ती चाकाच्या खुर्चीत होती. त्याच खुर्चीत बसून तिनं 'फक्त एकदाच' हे नाटकही केलं.

मार्च २००० मध्ये ती गेल्याची बातमी मी मोठ्या आईला वाचून दाखवली. ती गोंधळली. "आतापर्यंत होती थे?" अपघातातच संपली असं ती धरून बसली होती. मग मी खुर्चीचं सांगितलं, नाटकाचं सांगितलं. मोठी आई चिडलीच.

"मंग आपल्याले काहून नाही सांगतलं कोणं? नागपूरले आलं असतं थे नाटक, तं गेलो नसतो का आपण?"