वाकळ आणि वर्दी

फाशीचा दोर रबरी निघतो आणि गळफास लागलेला बस्टर कीटन वरखाली उसळत राहतो. १९२० सालच्या ‘कन्व्हिक्ट १३’ या मूकपटातलं हे दृश्य काही केल्या डोळ्यांपुढून जात नाही. गोल्फ खेळताना बेशुद्ध पडलेल्या कीटनचे कपडे एक पळालेला कैदी घालतो आणि आपले त्याला चढवतो. तेरा नंबरच्या कैद्याची फाशी नेमकी त्याच दिवशी. ‘तो मी नव्हे’ असं ओरडायचीही सोय नाही. शेवटी तुरुंगाधिकाऱ्याची मुलगी गुपचूप दोर बदलते.

मला गंगाखेडची जनाबाई आठवली. रात्री तिच्याकडे आलेला विठ्ठल पहाटे घाईत तिची वाकळ पांघरून गेला, आपलं पदक तिथंच विसरला. चोरीचा आळ जनीवर, शिक्षा सुळाची. आणि त्या सुळाचं पाणी झालं, असं सांगतात.

कपड्यांची अशीच गफलत घेऊन, सुगी झाली की आमच्या सेलूकडच्या गावात बहुरूपी यायचा. खाकी वर्दी, कमरेला पट्टा, हातात दांडका. ओट्यावर ज्वारी पाखडणाऱ्या आजीसमोर उभा राहून तो खिशातला कागद उलगडायचा आणि खणखणीत आवाजात वॉरंट वाचायचा : सदर बाईनं लेकीला शेर तूप दिलं, सुनेला पळीभर दिलं, सबब कोर्टात हजर व्हावं. आजी त्याला वर्षानुवर्षं ओळखायची, तरी आधी पदर सावरून उभी राहायची. बांधाच्या भांडणात अडकलेले शेजारचे काका तर मागच्या दारानं पांदीला लागायचे. खाकी दिसली की आधी पाय उठतात. मग आजी म्हणायची, “बस बापा, पाणी पी आधी.” टोपी काढली की कपाळावर तिचा लाल वळ दिसे, खाली उन्हानं रापलेला, दमलेला चेहरा. तोवर त्या चेहऱ्याकडे आमच्यापैकी कुणीच पाहिलेलं नसे.

चॅप्लिननंही ‘द आयडल क्लास’मध्ये (१९२१) भटक्या आणि श्रीमंत नवरा दोघंही रंगवले, पण अशा गफलतीसाठी मला कीटनच जवळचा. त्याचा चेहरा हलत नाही, सगळा घोळ कपडेच घालतात.

आपल्याकडे दादासाहेब फाळक्यांच्या ‘लंकादहन’ या मूकपटात (१९१७) तर कपडे बदलून अण्णा साळुंके राम झाले आणि सीताही. म्हणजे अशोकवनातली सीता ज्याची वाट पाहत झुरते, तो येतो तिचाच चेहरा घेऊन. पडद्यावर राम दिसला की प्रेक्षक पायांतले जोडे काढून ठेवत, असं सांगतात.