पेरू, नखं आणि माझा तांबडा शेरा

एकतीस वर्षं मी माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवलं, आणि त्यातली निदान पंचवीस वर्षं विज्ञानकथेला नाकं मुरडली. दुसऱ्या मितीत उघडणारं दार, काळाला पडलेली फट, उजेड वाकवणारा पडदा. असलं काही दिसलं की मी म्हणायचो, ‘चेटूकच, फक्त पांढरा कोट घातलेलं.’ कुणी विज्ञानकथा लिहिणाऱ्या खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकरांचं नाव काढलं तर माझ्याकडे पळवाट तयार असे: ‘त्यांचं सोडा हो, त्यांना गणित येतं.’

शाळेच्या हस्तलिखितासाठी नववीतल्या एका मुलीनं गोष्ट दिली होती. जुन्या वाड्याच्या माजघरात एक दार. त्यातून हात घातला की पाण्यातल्या काठीसारखा वाकडा दिसे. मुलगी कच्चा पेरू मुठीत धरून कोपरापर्यंत हात आत घालते, लगेच काढते, तर पेरू पिकलेला. मी तांबड्या शाईनं शेरा मारला: ‘हे विज्ञान नव्हे. भाकडकथा.’ गोष्ट हस्तलिखितात गेली नाही. मुलगी काही बोलली नाही. वही घेऊन गेली आणि दोन दिवसांनी स्टाफरूमच्या टेबलावर ठेवून गेली. वही माझ्याकडेच राहिली.

त्याच वर्गात मी सांगत होतो की जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे 38 मायक्रोसेकंद पुढे जातात, आणि तो फरक धरला नाही तर नकाशा चुकतो. म्हणजे काळ जागेप्रमाणे बदलतो हे मी शिकवत होतो. पेरूच्या बाबतीत मात्र ते मला चालत नव्हतं.

निवृत्तीनंतर लेकीबरोबर ‘इंटरस्टेलर’ पाहिला. त्यात शनीजवळ एक वर्महोल आहे, अवकाशातल्या दोन दूरच्या जागा जोडणारं भुयार. एक अंतराळवीर कागद दुमडतो, त्यातून पेन आरपार घालतो आणि विचारतो त्याचा अर्थ असा: कागदावर भोक म्हणजे वर्तुळ, मग तीन मितींत वर्तुळ म्हणजे काय? गोळा. म्हणून पडद्यावर भोक दिसत नाही. चकचकीत गोळा तरंगताना दिसतो, त्यात पलीकडचं आकाश आणि कडेला वाकलेले तारे. कागद दुमडण्याचा तो प्रयोग मी कितीदा केला असेन! पण भोक कुठल्याही बाजूनं शिरता येईल असं, म्हणजे गोल, दिसायला हवं हे मला कधी सुचलं नव्हतं.

मग या गोळ्यामागचे कॅल्टेकमधले भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न वाचायला घेतले. 1985 साली कार्ल सेगन यांनी त्यांना आपल्या ‘कॉन्टॅक्ट’ कादंबरीचं हस्तलिखित पाठवलं. नायिका कृष्णविवरातून दूर जाते, हे चालेल का? थॉर्न म्हणाले, कृष्णविवर नको, वर्महोल घ्या. पण वर्महोलचीही अडचण होती. 1962 मध्ये व्हीलर आणि फुलर यांनी दाखवलं होतं की साधं वर्महोल इतक्या झटकन मिटतं, की प्रकाशसुद्धा पार होत नाही. ते उघडं ठेवायला ऋण ऊर्जेचं, गुरुत्वानं ओढण्याऐवजी ढकलणारं द्रव्य लागेल. कादंबरीकाराच्या अडचणीतून निघालेला हा हिशेब थॉर्न यांनी मायकेल मॉरिस या विद्यार्थ्यासोबत 1988 मध्ये प्रसिद्ध केला. त्याच वर्षी आणखी एका लेखात त्यांनी दाखवलं की वर्महोलचं एक तोंड वेगानं फिरवून आणलं, तर दोन तोंडांच्या काळात फरक पडेल.

पण मला थांबवलं ते पहिल्या लेखाच्या शीर्षकानं. त्याच्या शेवटी लिहिलं होतं की हे व्यापक सापेक्षता शिकवण्याचं साधन आहे. शिकवण्याचं! जे मी वर्गाबाहेर हाकललं, ते कॅल्टेकचा प्राध्यापक वर्गात आणत होता. आपल्याकडे नारळीकरांनीही 1974 मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत ‘कृष्णविवर’ ही कथा ‘नारायण विनायक जगताप’ या नावानं पाठवली होती. आद्याक्षरं उलटी वाचली की ज. वि. ना. नाव बनावट होतं, पण कथेतला काळ आइन्स्टाइनच्या हिशेबानंच चालत होता.

मग ती वही शोधून काढली. पहिल्यांदा वाचताना मी पेरूपाशीच थांबलो होतो. पुढच्या परिच्छेदात लिहिलं होतं की दाराआड वीतभर गेलं की आठवडा सरतो, आणि म्हणून त्या मुलीच्या फक्त उजव्या हाताची नखं वाढली होती. डाव्या हाताची नाही. नववीतल्या पोरीनं नियम घातला होता आणि तो पाळलाही होता. मी नियम वाचलाच नव्हता.

माझं मत सगळं बदललं असं नाही. लेखकाला अडलं की उघडणारं आणि काम झालं की मिटणारं दार मला आजही आवडत नाही. दार कुठलंही काढा, पण बिजागरी दाखवा. तिनं दाखवली होती.

त्या वहीत मी काय लिहायला हवं होतं ते आता कळतं: ‘नखांचं छान. पण हात आत असताना त्याचे दोन आठवडे गेले, बाहेरच्या हृदयाचा एक क्षण. मग तेवढे दिवस हाताला रक्त कुठून मिळालं?’ तिनं उत्तर शोधलंच असतं. शिक्षक मित्रहो, मुलांच्या अशा गोष्टी शेवटपर्यंत वाचा, आणि खाली शेऱ्याऐवजी प्रश्न लिहा.