११४ माणसं आणि त्यांचं मागणं

चि. मनू,


तुझं पत्र मिळालं. ऑफिसला जाता-येता हुतात्मा चौकातली मशाल धरलेली ती दोघं बघतेस आणि नागपूरच्या बर्डीवरचं गोवारी स्मारक आठवतं, असं लिहिलंस. मुंबईचे हुतात्मे साऱ्या महाराष्ट्राला ठाऊक. आपल्या गावात मेलेले ११४ जण विदर्भाबाहेर कोणाच्या गावीही नाहीत, असं का, हा तुझा प्रश्न. फोनवर बोलून भागलं नसतं, म्हणून लिहायला बसले.

हुतात्मा चौकातल्या माणसांनी जे राज्य मागितलं, ते १ मे १९६० ला मिळालं. हे आधी लक्षात घे. त्यांच्यावर गोळीबार झाला तो काँग्रेसच्या राजवटीत, आणि पुढे त्याच पक्षाचे मुख्यमंत्री दरवर्षी तिथे पुष्पचक्र वाहत राहिले. त्यांना ते जड गेलं नाही, कारण मागणी पुरी झाली होती. ज्या लढ्यातून राज्य उभं राहिलं त्याची आठवण राज्य आनंदाने सांभाळतं. (विदर्भातल्या माणसाला त्या लढ्याबद्दल काय वाटतं, हा निराळा विषय. तुझ्या मामाला विचार, रात्र पुरणार नाही.)

गोवारींचं तसं झालं नाही.

तुझा जन्म नंतरचा, म्हणून सांगते. गोवारी म्हणजे विदर्भातले गुराखी. गावाची गुरं राखणारे, दिवाळीत गायगोधनाला ढाल घेऊन नाचणारे. अनुसूचित जमातींच्या यादीत ‘गोंड गोवारी’ अशी नोंद आहे. हे लोक म्हणत होते, ती नोंद आमचीच आहे, आम्हाला दाखले द्या. शासनाने २४ एप्रिल १९८५ च्या निर्णयात सांगितलं, गोंड गोवारी वेगळे आणि तुम्ही वेगळे. दाखला नाही म्हणजे पोराला वसतिगृह नाही, शिष्यवृत्ती नाही, नोकरीत जागा नाही. हे घेऊन २३ नोव्हेंबर १९९४ ला, हिवाळी अधिवेशन चालू असताना, हजारो गोवारी नागपुरात आले. बाया कडेवर लेकरं घेऊन आल्या. मोर्चा मॉरिस कॉलेजजवळच्या टी पॉइंटला अडवला. बरेच मोर्चे तिथेच अडवतात, आणि तिथून निवेदन आत जातं. निवेदन घ्यायला मंत्री येईल म्हणून लोक ताटकळत राहिले. कोणी आलं नाही. मग गर्दी पुढे सरकली, लाठ्या चालल्या, पुढे कठडे आणि मागून लोंढा. ११४ जीव गेले. त्यांत बहुतेक बाया आणि पोरं.

आदिवासी विकास मंत्री मधुकर पिचड यांनी राजीनामा दिला. न्यायमूर्ती दाणींचा आयोग बसला, त्याने कोणालाही दोषी धरलं नाही. १९९५ साली गोवारींना इतर काही जातींबरोबर विशेष मागास प्रवर्गात घातलं. त्या सगळ्यांना मिळून २ टक्के आरक्षण. स्मारक झालं. बर्डीहून वर्धा रोडकडे जाणाऱ्या पुलाला आदिवासी गोवारी शहीदांचं नाव दिलं. मागणी मात्र जिथे होती तिथेच राहिली.

मला जे खुपतं ते हेच आहे, मनू. माझ्या ओळखीच्या कोणालाही विचार, ‘११४’ लगेच सांगतील. ‘चेंगरून मेले बिचारे’ असंही म्हणतील. ते कशासाठी आले होते, हे दहातल्या एकालाही सांगता येणार नाही. मेले कसे एवढंच उरलं की मोर्चाचा अपघात होतो, आणि मागायला आलेली माणसं नुसती दया करण्यासारखी होऊन बसतात. त्या बाया दया मागायला आल्या नव्हत्या. यादीत आपलं नाव आहे असं ठणकावून सांगायला आल्या होत्या.

शहर हे विसरलं, त्यांचे लोक विसरलेले नाहीत. दर २३ नोव्हेंबरला गावोगावची कुटुंबं स्मारकावर येतात. मागे मी तिथे उभी असताना शेजारी एक म्हातारा होता. अंगात धुवट सदरा, बगलेत प्लास्टिकची पिशवी. भाषण चालू असताना त्याने पिशवीतून घड्यांवर फाटत आलेली झेरॉक्स काढली आणि मला न विचारता समजावू लागला. १४ ऑगस्ट २०१८, नागपूर खंडपीठ, आपल्या बाजूने. १८ डिसेंबर २०२०, सर्वोच्च न्यायालय, निकाल फिरवला. मधल्या दोन वर्षांत त्याच्या नातवाच्या दाखल्याचं काय झालं, ते त्याने तारीखवार सांगितलं. मी हारफुलं वाहून निघणार होते. त्याने कागद माझ्या हातात दिला आणि म्हणाला, “वाचा ना बाई, शिकलेल्या दिसता.” मी तिथेच उभी राहून सगळा वाचला.

निकाल बरोबर की चूक, ते सांगण्याएवढा कायदा मला येत नाही. पण इतकं कळतं की त्या माणसाला आपल्या मेलेल्यांची आठवण ठेवायची तर तारखा आणि कलमं पाठ ठेवावी लागतात. मुंबईत मशालीखालून जाणाऱ्यावर ती पाळी येत नाही, कारण त्याचं काम आधीच्यांनी पुरं केलं. म्हणून दोन्ही स्मारकं एका मापाने मोजू नकोस. आणि पुलाला नाव दिलं म्हणजे झालं, असं कोणी म्हणालं तर मुकाट ऐकून घेऊ नकोस. ज्यांना दाखला नाकारला, त्यांचंच नाव पुलावर घातलं, हे सांग.

यंदा दिवाळीनंतर रजा उरली तर २३ तारखेला ये. सकाळी पुढारी येऊन जातात, तेव्हा नको. दुपारी जाऊ, लांबच्या गावच्या गाड्या तोवर पोचलेल्या असतात. तुझ्या मैत्रिणीला ते दाखल्यांचं काम कळतं म्हणालीस ना, तिलाही आण.

तुझी,
मावशी