एन ८२ : वाट कळते, कारण हरवते

संपादकांनी ‘तुमच्या कामाबद्दल लिहा, पण सोपं लिहा’ असा निरोप दिला, तेव्हा टेबलावर भंडाऱ्याच्या धानपट्ट्यातल्या एका बाईची फाइल होती. वय चाळिशीच्या आसपास. डिस्चार्ज कार्डावर अंतिम निदानाच्या रकान्यात ‘व्हीव्हीएफ, रिपेअर केले’ एवढेच. मी तिला एन ८२.० हा कोड दिला. कोड बरोबर आहे, तरी ती फाइल मनातून जात नाही.

मी वैद्यकीय अभिलेखांचे काम करते. रुग्ण घरी गेला की केसपेपर आमच्याकडे येतो आणि डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानाला आम्ही आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणातला, म्हणजे आयसीडीतला, कोड लावतो. हे विम्याचे टायपिंग आहे असे शिकलेली माणसेही समजतात, त्याचे वाईट वाटते. जाक बर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ साली शिकागोत मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, ती देशोदेशींचे मृत्यू एकाच मापाने मोजता यावेत म्हणून. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि तिच्यात मृत्यूंबरोबर आजारही आले. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. आमच्या टेबलावर अजून दहावीच चालते.

आता तो आजार, व्हीव्हीएफ : मूत्राशय आणि योनी यांच्यात पडलेली वाट, म्हणजे फिस्टुला. बाळंतपणात बाळाचे डोके तासन्‌तास अडकून राहिले की मूत्राशय आणि योनीमार्ग यांच्यामधला भाग चेपतो, त्याचा रक्तपुरवठा तुटतो, काही दिवसांत तो गळून पडतो आणि तिथे भोक पडते. मग लघवी रात्रंदिवस झिरपत राहते. गर्भाशय काढताना मूत्राशयाला इजा झाली किंवा टाका नको तिथे बसला, तरी हेच होते. गळती बहुधा बाई घरी गेल्यावर, आठ-पंधरा दिवसांनी सुरू होते. गर्भाशयमुखाच्या कर्करोगासाठी किरणोपचार घेतलेल्या बाईला हा त्रास कित्येक वर्षांनीही होऊ शकतो. एका केसपेपरवर नर्सने लिहून ठेवले होते, ‘रोवणीला जाते, इतर कामाला जात नाही.’ रोवणीत, म्हणजे भाताच्या लावणीत, बांधीतल्या सगळ्याच बायकांची लुगडी ओली असतात.

एन ८२ या गटात मूत्राशयातून योनीत जाणारी वाट ८२.०, मूत्रवाहिनीतून येणारी ८२.१, लहान आतड्यातून ८२.२, मोठ्या आतड्यातून ८२.३, आणि काहीच लिहिलेले नसेल तर ८२.९. नुसते ‘फिस्टुला’ लिहून आले, तर घाईतला माणूस ते गुदद्वाराच्या भगंदरात, के ६०.३ मध्ये, टाकून मोकळा होतो. ८२.० आणि ८२.१ यांतला फरक तर शस्त्रक्रियाच बदलणारा आहे. मूत्राशयात निळे औषध भरतात आणि योनीत एकावर एक तीन बोळे ठेवतात. मधला बोळा निळा झाला तर भोक मूत्राशयाला. वरचा बोळा निळा न होता नुसता ओला झाला, तर संशय मूत्रवाहिनीवर. एकीत मूत्राशय शिवायचे, दुसरीत बहुधा मूत्रवाहिनी पुन्हा मूत्राशयात रोवायची. केसपेपरवर या चाचणीची एक ओळ असली तरी कोड ठामपणे देता येतो.

पण एन ८२ फक्त कुठून कुठे एवढेच सांगतो. कशामुळे, हे सांगायला दुसरा कोड जोडावा लागतो. जुन्या बाळंतपणाचा परिणाम असेल तर ओ ९४, शस्त्रक्रियेनंतरचा असेल तर एन ९९.८ आणि सोबत अवयव काढल्याची नोंद करणारा वाय ८३.६, किरणोपचारानंतरचा असेल तर वाय ८४.२. कारण लिहिलेलेच नसेल तर यातला एकही कोड देण्याचा मला अधिकार नाही. पोटावरचा व्रण पाहून अंदाज बांधणे हे माझे काम नाही. त्या फाइलीसाठी मी विचारणा केली. ‘पॅकेज मंजूर झालंय, आता कशाला?’ असे उत्तर आले. आरोग्य योजनेच्या पॅकेजचा कोड कोणती शस्त्रक्रिया झाली आणि किती पैसे मिळाले ते सांगतो. महात्मा फुले जन आरोग्य योजनेत क्लेमला क्वेरी पडू नये म्हणून जेवढी धावपळ होते, तिच्या शतांशाने जरी कारणाची विचारपूस झाली असती, तरी हा लेख लिहायची वेळ आली नसती.

‘आता बाळंतपणं दवाखान्यात होतात, हा आजार कुठे उरलाय?’ असे लोक म्हणतात. बाळंतपणाबद्दल ते खरे आहे. महाराष्ट्रात दवाखान्यातल्या बाळंतपणांचे प्रमाण २००५-०६ मध्ये ६४.६ टक्के होते, २०१९-२१ च्या पाहणीत ते ९४.७ टक्के झाले. पण आजाराने कारण बदलले असेल तर? २०१९ मध्ये बीड जिल्ह्यात तीन वर्षांत ४,६०५ बायकांची गर्भाशये काढल्याचे विधान परिषदेत सांगितले गेले. त्यांतल्या किती जणींची लघवी नंतर गळू लागली, हे त्या आकड्यातून कळत नाही, आणि नुसत्या एन ८२.० मधून तर कळणारच नाही. अडलेल्या बाळंतपणाची बाई आणि न टळणाऱ्या किंवा टाळता आली असती अशा शस्त्रक्रियेची बाई एकाच रकान्यात मिसळून जातात. एकीसाठी रुग्णवाहिका वेळेवर हवी, दुसरीसाठी शस्त्रक्रियेआधी दुसऱ्या डॉक्टरचा सल्ला.

भंडाऱ्यात आणखी एक अडचण आहे. पहिली शस्त्रक्रिया तालुक्याच्या गावी, दुरुस्ती नागपुरात. कारण पहिल्या कागदावर असते आणि तो कागद घरीच राहतो, किंवा राहतही नाही. दुरुस्ती करणारे डॉक्टर बाईला विचारतात, ती सांगते, ते ऐकतात. लिहिणे तेवढे राहून जाते.

डॉक्टरांना माझी विनंती एका ओळीची आहे : कुठून कुठे, कशानंतर, आणि दुरुस्ती पहिली की पुन्हा, एवढे हाताने लिहा. आणि वाचणाऱ्या बायांनो, गर्भाशय काढले असेल किंवा सीझर झाले असेल, तर ते डिस्चार्ज कार्ड टाकू नका. पुढच्या दवाखान्यात जाताना सोबत न्या, आणि त्यातली माहिती नव्या केसपेपरवर लिहून घ्या.