कुठे वाजतंय?

खट्!

आमच्या गल्लीच्या तोंडाशी कुणीतरी केबल टाकायला खणलेला आणि अर्धवट बुजवलेला एक चर आहे. त्यावरून डावं चाक गेलं की खट्. पुढे रिक्षा स्टँडजवळ उखडलेले पेव्हर ब्लॉक, तिथे खट्-खट्. आणि मेन रोडला लागून गाडी पन्नासच्या वर गेली की आवाज गायब. जणू काही झालंच नव्हतं!

तुमच्या गाडीत असा बिनबोलावता पाहुणा कधी आला असेल, तर दोन आठवड्यांत माणसाची काय अवस्था होते ते तुम्हाला वेगळं सांगायला नको. मी आधी रेडिओ मोठा केला. मग डिकीतला जॅक काढून घरी ठेवला. मग डॅशबोर्डचा कप्पा उपसला. नाणी, गॉगलची डबी, कधीचं तरी टोलचं बिल, सगळं बाहेर. पाण्याच्या बाटलीवरही संशय घेऊन झाला. खट् होतंच.

ऑफिसात विषय काढायची खोटी, प्रत्येकाकडे उत्तर तयार. ‘शॉकअप गेले.’ ‘टायरमध्ये हवा जास्त भरली असशील.’ ‘अगं, दहा वर्षांची गाडी, आता वाजणारच. विकून टाक.’ हे शेवटचं मत बंगळुरूला असलेल्या माझ्या दादाचंही होतं. त्याने तर फोनवर माझ्यासाठी नवीन गाडीचा ईएमआयसुद्धा काढून दिला.

विकायला माझी ना नव्हती. पण गाडी बाबांची. रिटायर झाल्यावर पीएफच्या पैशांतून त्यांनी घेतलेली, ही त्यांची पहिली आणि एकुलती एक गाडी. पाच महिन्यांपूर्वी त्यांची बायपास झाली आणि किल्ली माझ्याकडे आली. दर दोन-तीन आठवड्यांनी चेकअप. मागच्या सीटवर डावीकडे बाबा, छाती आणि सीटबेल्टच्या मध्ये एक छोटी उशी धरून. खट् झालं की मी आरशात बघायचे आणि विचारायचे, “बाबा, ठीक ना?”

“ठीक. तू पुढे बघ.”

शेवटी रजा टाकून एका चकचकीत सर्व्हिस सेंटरमध्ये गेले. एसी, कॉफी, काचेपलीकडे गाड्या. सर्व्हिस ॲडव्हायझर माझ्या गाडीतून गुळगुळीत रस्त्यावर एक चक्कर मारून आला. “मॅडम, आवाज तर येत नाहीये.” मी म्हटलं, खड्ड्यातून न्या की! मग त्याने तो ऐकला आणि पाच मिनिटांत एस्टिमेट छापून हातात ठेवलं. पुढचे दोन्ही शॉकअप, त्यांचे माउंट, दोन्ही लोअर आर्म, अलाइनमेंट. एकूण ३१,४०० रुपये.

“पण यातलं नेमकं वाजतंय काय?”

“मॅडम, सस्पेन्शनचं असंच असतं. सगळं बदललं की आवाज जातो. तुम्ही सरांशी बोलून कळवा ना.”

कोणते सर? ते काही मला अजून कळलेलं नाही!

खरं सांगू, पैसे मी भरलेही असते. कारण आता भीती वाटायला लागली होती. त्याच रात्री नेटवर वाचताना कळलं, की लोअर आर्मचा बॉल जॉइंट झिजला तरी असाच खटका येतो. आणि तो पार निसटला तर चाक तिथल्या तिथे आडवं होऊ शकतं. म्हणजे हा आवाज काहीशे रुपयांच्या एखाद्या फुटकळ पार्टचा असू शकतो, नाहीतर चाक निखळण्याआधीचा इशारा. कानाला दोन्ही सारखेच. आणि मागे बाबा बसलेले.

पण ‘सगळं बदला’ हे उत्तर मला पचेना. मी सॉफ्टवेअर टेस्टर आहे. डेव्हलपरकडे जाऊन नुसतं ‘चालत नाहीये’ म्हटलं तर तो हसतो आणि हेडफोन लावतो. कुठल्या स्क्रीनवर, काय केल्यावर, दहा वेळा केलं तर किती वेळा, हे लिहून द्यावं लागतं. ऑफिसात रोज करते तेच गाडीचं का नाही करायचं? आठवडाभर मोबाइलमध्ये नोंदी केल्या.

वेग दहा ते पंचवीस: वाजतं. चाळीसच्या वर: नाही, निदान ऐकू तरी येत नाही. ब्रेक मारल्यावर: नाही. उभ्या गाडीत स्टिअरिंग या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरवलं: नाही. बॉनेटचा कोपरा जोर देऊन दाबला आणि सोडला: गाडी एकदा वर येऊन गप्प, डुचमळत राहिली नाही. शॉकअपला तेलाचा ओघळ: दिसला नाही.

खरी मजा बुधवारी रात्री अकरा वाजता आली. सोसायटीतल्या स्पीडब्रेकरवरून मी सहाव्यांदा गाडी नेत होते. (कागदावर स्पीडब्रेकर कसा असावा याचं माप ठरलेलं आहे. इंडियन रोड्स काँग्रेसचा आकडा आहे ३.७ मीटर रुंद आणि १० सेंटिमीटर उंच. आमचा म्हणजे झोपलेला अजगर!) वॉचमनकाका टॉर्च घेऊन आले. “मॅडम, काही हरवलंय का?”

सगळं सांगितलं. त्यांना प्रकार आवडला असावा. ते गाडीच्या बाजूने कान देऊन चालायला लागले. सरळ नेली, दोन्ही चाकं एकदम चढली: जवळजवळ काहीच नाही. तिरकी नेली, आधी डावं चाक चढलं: खट्! परत सरळ: शांत. परत तिरकी: खट्! “पुढचं डावं,” काकांनी निकाल दिला.

शनिवारी सकाळी ही सगळी यादी घेऊन मी कर्वेनगरला एका जुन्या गॅरेजमध्ये गेले. पत्र्याची शेड, जमिनीत एक पिट, भिंतीवर पाने ओळीने टांगलेले. मिस्त्रीकाकांनी यादी मला मोठ्याने वाचायला लावली. स्पीडब्रेकरपाशी आल्यावर त्यांचा हात थांबला.

“सरळ नेली तर नाही, तिरकी नेली तरच? मग ताई, आधी बार बघू.”

बार म्हणजे अँटी-रोल बार. गॅरेजच्या भाषेत स्टॅबिलायझर. पुढच्या दोन चाकांच्या मध्ये आडवा बसवलेला, इंग्रजी ‘यू’सारखा वाकवलेला स्प्रिंग स्टीलचा रॉड. मधला भाग दोन रबरी बुशांमध्ये धरून गाडीच्या सांगाड्याला बांधलेला. दोन्ही टोकांना एकेक छोटी दांडी, तिला म्हणतात लिंक. ही लिंक रॉडला चाकाच्या सस्पेन्शनशी जोडते. तिच्या दोन्ही टोकांना सुपारीएवढे बॉल जॉइंट, वर रबराची टोपी.

गाडी वळणावर एका बाजूला कलायला लागली की हा रॉड पिळला जातो. पीळ सुटायला बघतो आणि गाडीला कलू देत नाही. दोन्ही चाकं एकदम वर गेली तर मात्र त्याला कामच नाही. तो बुशात नुसता फिरतो. एकच चाक खड्ड्यात गेलं की लिंकला झटका बसतो. जॉइंट झिजलेला असेल तर खट्! माझा आख्खा आठवडा या एका वाक्यात बसला. नंतर वाचलं, की या बारचं पहिलं पेटंट १९१९ साली कॅनडातल्या स्टीफन कोलमन यांना मिळालं होतं. शंभरहून जास्त वर्षांपूर्वीची ही कल्पना आणि मला या रॉडचं नावही माहीत नव्हतं.

काकांनी आधी माझ्या भीतीचा निकाल लावला. चाक जॅकवर उचललं, टॉमी लावून लोअर आर्मचा बॉल जॉइंट हलवून पाहिला. घट्ट. त्याचं रबरही शाबूत. “हा चांगला आहे, घाबरू नका.” मग तशाच उचललेल्या गाडीत लिंक धरून हलवली.

तीही घट्ट!

माझा चेहरा पडला. काका मात्र हसले. गाडी खाली उतरवली, चारी चाकांवर पिटवर उभी केली आणि स्वतः खाली उतरले. “या ताई. आता धरा.”

मी पिटमध्ये उतरले. लिंक मुठीत धरली, वरखाली केली. टक्. टक्. अगदी हातात कळलं. रबराची टोपी फाटलेली, आत ग्रीसऐवजी गंज आणि चिखल.

“मघाशी कशी काय घट्ट होती?”

“एक बाजू उचलली की रॉड पिळतो, लिंकवर ताण येतो. ताणात असलेली वस्तू घट्टच लागते, ताई. ढिली आहे की नाही ते दोन्ही बाजू सारख्या असतानाच कळतं.”

आता उघडायची. दहा वर्षांचा गंज असा सहज सुटतो होय? तारेच्या ब्रशने आटे घासले, गंज सोडवायचं तेल मारलं, चहा प्यायलो. मग पाना लावला तर नटबरोबर आतला बोल्टच गोल फिरायला लागला. त्यावर उपाय म्हणजे बोल्टच्या टोकाला ॲलन की अडकवून तो धरून ठेवायचा आणि नट पान्याने फिरवायचा. तीन नट असे सुटले. चौथा ग्राइंडरने कापावा लागला.

दोन्ही लिंक निघाल्यावर काकांनी रॉडची टोकं तारेने वर बांधली. “आता हळू एक चक्कर मारून या. वीसच्या वर नको.” त्या उखडलेल्या गल्लीत चक्कर मारली. आवाज नाही! गुन्हेगार पक्का. पण कोपऱ्यावर वळताना गाडी एका बाजूला अशी कलली, की पोटात गोळाच आला. तो रॉड इतकी वर्षं गुपचूप काय करत होता ते तेव्हा समजलं.

गाडी गॅरेजात ठेवून रिक्षाने नाना पेठ गाठली. दुकानदाराने मॉडेल आणि वर्ष विचारलं, मग म्हणाला, “बुशसाठी रॉड किती एमएमचा?” काकांनी व्हर्निअरने मोजून पाठवलं होतं, ऐटीत सांगितलं, “बावीस.” लिंक जोडीने घ्यायच्या, कारण डावी गेली म्हणजे उजवीही तेवढीच चाललेली असते. लिंकची जोडी १,३०० रुपये, बुशची जोडी २८० रुपये.

बसवायला तासभर पुरला. जुने बुश आतून अंड्यासारखे लांबट झाले होते. नवीन बसवताना मी ग्रीसचा डबा पुढे केला तर काकांनी हात मागे घेतला. साधं ग्रीस रबराला फुगवतं, म्हणून साबणाचं पाणी. लिंकचे नट शेवटचे आवळले ते गाडी खाली, चाकांवर उभी करूनच. मजुरी ७०० रुपये. सगळं मिळून २,२८०. एकतीस हजार चारशेचा तो कागद मी काकांना दाखवला. ते काही बोलले नाहीत, फक्त त्याच्यावर हात पुसले.

घरी येताना आमच्या गल्लीच्या चरावरून मुद्दाम तीनदा गेले. टायरचा धप्प आवाज, बस. वॉचमनकाकांनी लांबूनच अंगठा दाखवला.

मंगळवारी बाबांचा चेकअप होता. चर आला, गेला. आरशात पाहिलं, बाबांनी उशी घट्ट धरली होती आणि ते कसलीतरी वाट बघत होते. रिक्षा स्टँड गेला. मग उशी हळूच मांडीवर आली. मी काही विचारलं नाही.

संध्याकाळी गॅलरीत चहा घेताना तेच म्हणाले, “आवाज गेला गं तो.”

“हो. लिंक गेली होती. दोन-सव्वादोन हजारांत झालं.”

थोडा वेळ बाबा कपाकडे बघत राहिले. “मला वाटायचं, छातीतूनच येतोय. ते हाड तारांनी बांधलंय ना, तेच सुटतंय असं वाटायचं. दर वेळी.”

माझ्या हातातला कप तसाच राहिला. “बाबा! मी दर वेळी विचारत होते ना? मग सांगितलं का नाही?”

“तू गाडी चालवत होतीस ना,” बाबा म्हणाले. “तेव्हा कसं सांगणार?”