मावशी, तुझा दावा खोटा ठरलेला नाही

प्रिय मावशी,



“दावा फेटाळला, म्हणजे माझंच खोटं ठरलं,” असं तू फोनवर म्हणालीस. ते मनातून काढून टाक. मी हे पत्र छापायलाही देते आहे, कारण तारीख चुकली म्हणून हक्कच गेला असं समजून गप्प बसलेल्या बायका गावोगावी आहेत.

न्यायाधीशांनी तुझं म्हणणं ऐकून नाकारलेलं नाही. पुकारा झाला तेव्हा तू नव्हतीस, तुझे वकील नव्हते, प्रतिवादी मामा मात्र वकिलासह हजर होता. म्हणून दावा गैरहजेरीत काढून टाकला. आजोबांच्या जमिनीत तुझा हिस्सा आहे की नाही, यावर कोर्टाने काहीच ठरवलेलं नाही.

आधी रोजनाम्याची आणि हुकुमाची नक्कल काढ. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या नवव्या आदेशात दोन वेगळ्या वाटा आहेत. दोन्ही बाजू गैरहजर असतील तर नियम ३ लागतो आणि मुदत उरली असेल तर नवा दावाही लावता येतो. फक्त प्रतिवादी हजर असेल तर नियम ८, आणि मग त्याच कारणावर नवा दावा चालत नाही. जुना दावा पुन्हा फाइलवर घ्या, असा अर्ज करावा लागतो. वाटपाच्या दाव्याचं थोडं वेगळं आहे. जमीन एकत्र असेतोवर वाटप मागायचा हक्क जिवंत राहतो, असं अनेक उच्च न्यायालयांनी मानलं आहे. पण त्या भरवशावर थांबू नकोस. दाव्याबरोबर जमीन विकायला असलेली तात्पुरती मनाईही गेली आहे, आणि मला खरी धास्ती त्याचीच आहे.

अर्जाची मुदत ३० दिवसांची आहे, तीही हुकुमाच्या तारखेपासून. तुला उशिरा कळलं, हे त्या हिशेबात धरत नाहीत. म्हणून सोबत विलंब माफीचा अर्ज जोडावा लागेल, मुदत कायद्याच्या कलम ५ खाली. तारखेच्या दिवशी तू काकांच्या डायलिसिससाठी मिरजेला होतीस. दवाखान्याचे केसपेपर, पावत्या, सगळं जपून ठेव. सबळ कारण पटलं तर कोर्ट दावा परत घेतं, फार तर मामाचा खर्च भरायला सांगतं.

“तुम्ही यायची गरज नाही, मी आहे,” असं वकील तुला म्हणाले होते. रफीक विरुद्ध मुन्शीलाल या १९८१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की वकील नेमून निर्धास्त झालेल्या पक्षकाराला वकिलाच्या चुकीची शिक्षा होऊ नये. हा आधार मोठा आहे, तरी पक्षकाराने स्वतः काय चौकशी केली, हेही कोर्टं विचारतात.

गैरहजेरीत दावा काढून टाकायचा नियमच नको, असं मी म्हणणार नाही. वादी फिरकतच नसेल तर प्रतिवादीने किती वर्षं खेपा घालायच्या? पण दावा काढून टाकण्याआधी एक निरोप खुद्द पक्षकाराला गेलाच पाहिजे. कोर्टाकडे मोबाइल नंबर नोंदवला तर तारखेचे संदेश येतात. मात्र तो नंबर वकिलाचा असेल तर तुला काय कळणार? पक्षकाराचा स्वतःचा नंबर नोंदवणं सक्तीचं करायला हवं. तू नवीन अर्जात तुझा टाक.

वकिलाच्या फीची काळजी करू नकोस. १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे स्त्रीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. तालुका विधी सेवा समितीत अर्ज दे. मी सोबत येते.

आणि एक. आता दावाच गेला म्हणून मामा हक्कसोडपत्राचा कागद घेऊन येईल, साडीचोळीही आणील. आईने अशीच सही केली होती, ती आजही त्याबद्दल बोलत नाही. तू त्या कागदावर सही करू नकोस.

तुझी,
भाची