गार पाणी, बर्फ आणि आपला चेहरा

‘बाहेरून आलास ना? आधी हातपाय-तोंड धू, मग जेवायला बस.’ हे वाक्य न ऐकता मोठे झालेले मूल आपल्या फोंड्यात शोधूनही सापडणार नाही. देवळात जाण्याआधीही हाच नियम. बांदोड्याची नागेशीची तळी पाहिली, की देवाच्या दारी पाणी हवेच, याचा जुन्या लोकांनी किती विचार केला होता ते कळते. चेहऱ्याला गार पाणी लावणे ही आपल्याला कोणी नव्याने शिकवण्याची गोष्ट नव्हे.

अलीकडे मात्र वरच्या वर्गांतील मुलामुलींकडून आम्ही वेगळेच ऐकत आहोत. मोबाईलवर पाहून कोणी रोज सकाळी गालांवर बर्फाचे खडे चोळतो, तर कोणी बर्फ घातलेल्या भांड्यात तोंड बुडवतो. त्याने मुरुमे जातात, त्वचेची छिद्रे बंद होतात आणि रंग उजळतो, असा समज आहे. स्नेहसंमेलनाच्या तोंडावर एक विद्यार्थिनी गालावर लाल चट्टा घेऊन शाळेत आली. बर्फ बराच वेळ एकाच जागी धरल्याचा तो परिणाम होता. तेव्हा या विषयावर सविस्तर लिहावे असे आम्हांस वाटले.

प्रथम बर्फाचा खरा गुण सांगतो. थंडाव्याने त्वचेखालच्या बारीक रक्तवाहिन्या आकुंचन पावतात. त्यामुळे डोळ्यांखालची सूज आणि चेहऱ्याचा लालसरपणा थोडा वेळ कमी होतो. गार पाण्याचा हबका मारला की झोप उडते. परीक्षेच्या दिवसांत पहाटे अभ्यास करणाऱ्यांना हा उपाय ठाऊक आहेच. पण हा परिणाम काही वेळापुरताच असतो. त्वचा पुन्हा नेहमीच्या तापमानावर आली की सारे पूर्ववत होते.

आता समजुतींकडे वळू. त्वचेची छिद्रे दारासारखी उघडत-मिटत नाहीत. ती उघडायला-मिटायला तेथे स्नायूच नसतात. मुरुमे येतात ती वयात येताना शरीरातील संप्रेरके बदलतात म्हणून. त्वचेतील तेल वाढते, केसांच्या मुळाशी छिद्रे तुंबतात आणि तेथे जंतू वाढून सूज येते. बर्फाने दुखऱ्या मुरुमाची सूज किंचित उतरेल, पण कारण तसेच राहील. मुरुमे फार असतील तर त्वचारोगतज्ज्ञांकडे जावे, नखाने फोडू नयेत. रंगाचे म्हणाल, तर तो त्वचेतील मेलॅनिन या द्रव्यावर ठरतो आणि ते बर्फाने धुऊन जात नाही.

बर्फ लावायचाच असेल तर स्वच्छ पातळ कापडात गुंडाळावा, एका जागी न धरता फिरवत राहावा आणि एक-दोन मिनिटांत थांबावे. उघडा बर्फ फार वेळ धरला तर भाजल्यासारखीच इजा होते. थंडीने अंगावर पित्त उठणाऱ्यांनी तो टाळावा. हृदयाचा विकार असलेल्यांनी बर्फाच्या पाण्यात तोंड बुडवू नये, कारण तोंडाला एकदम गारठा लागला की हृदयाचे ठोके मंदावतात. मासळी टिकवण्यासाठी आणलेला लादीचा बर्फ तर चेहऱ्याला मुळीच लावू नये. तो पिण्याच्या पाण्याचाच असेल असे नाही. म्हणून तर महाराष्ट्रात २०१८ साली अखाद्य बर्फाला निळसर रंग देण्याचा नियम झाला. आणखी एक गोष्ट घरोघरी लक्षात असावी: भाजलेल्या जागी बर्फ लावू नये. ती जागा वीस मिनिटे नळाच्या वाहत्या पाण्याखाली धरावी.

आमचे पदवीचे शिक्षण मध्य प्रदेशात, हिंदी माध्यमातून झाले. तिथे ‘हाथ-मुँह धो लो’ म्हणतात, इथे ‘हातपाय धुवा’ म्हणतात. सांगणे एकच. तिथे मे महिन्यात पारा चाळिशी ओलांडतो, पण हवा कोरडी असते. सुराहीच्या बाहेर झिरपलेले पाणी भराभर उडते आणि आतले गारेगार होते. आपल्याकडे पारा तितका चढत नाही, पण हवा इतकी दमट, की माठही तेवढा गार होत नाही आणि अंगावरचा घामही वाळत नाही. म्हणून दुपारी चेहरा चिकट होतो आणि त्यावर धूळ बसते. २०१२ पूर्वी डिचोलीच्या रस्त्यांवर खनिजाच्या ट्रकांची रांग लागत असे. त्या वाटेने येणाऱ्यांच्या चेहऱ्यावरचा तांबडा थर आम्ही पाहिला आहे. तो घालवायला बर्फ लागत नसे. साधे पाणी आणि स्वच्छ पंचा पुरे होई. वाग्भटांनीही ‘अष्टांगहृदया’त गरम पाणी मानेखालच्या अंगाला हितकर, पण डोक्यावर घेऊ नये, असे सांगून ठेवले आहे.

खरी काळजी आम्हांस बर्फाची नाही, त्यामागच्या लाजेची आहे. त्या मुलीने बर्फ का लावला? ‘फोटोत मी काळी दिसते’, हे तिचे उत्तर होते. १९७५ साली बाजारात आलेल्या एका प्रसिद्ध क्रीमने २०२० साली आपल्या नावातून ‘फेअर’ हा शब्द काढून टाकला. आपल्या बोलण्यातून तो कधी जाणार? ‘उन्हात खेळू नकोस, काळी पडशील’ असे आपण सहज बोलून जातो. मूल मैदान सोडते आणि आरशापुढे उभे राहते. पालकांनी मुलांच्या रंगावरून थट्टेतही बोलू नये, ही आमची कळकळीची विनंती आहे. शिक्षकांनाही आम्ही हेच सांगितले आहे. स्नेहसंमेलनात पुढच्या रांगेत कोण उभे राहील, हे पाठांतरावर आणि सरावावर ठरेल. रंगावर नाही.

विश्वस्तांकडेही एक मागणे आहे. मार्च-एप्रिलमध्ये गच्चीवरची टाकी दुपारी इतकी तापते, की मैदानावरून आलेल्या मुलांच्या हाती नळातून गरम पाणी येते. टाकीवर छप्पर घालावे आणि नळांपाशी सावली करावी. खर्च फार नाही. विद्यार्थ्यांनी रोज स्वतःचा धुतलेला रुमाल आणावा. एकमेकांचा वापरू नये. खेळाच्या तासानंतर हातपाय-तोंड धुवायला पाच मिनिटे देण्याची व्यवस्था आम्ही वेळापत्रकात करीत आहोत.